फरकाचे कारण

दर सोमवारी सकाळी दहा वाजता काडीकाका हातात पॅड आणि कानावर पेन्सिल अशा थाटात चौथ्या पेटीसमोर उभे राहत, आणि दर सोमवारी सव्वादहापर्यंत त्यांचं डोकं फिरलेलं असे.

पेटी पुरुषभर उंच होती. तीन बाजूंना बारीक जाळी, मागे लाकडी फळी, आत पाण्याच्या बरण्यांमध्ये खोचलेल्या गुलाबाच्या फांद्या. त्या फांद्यांवर काडीकिडे राहत, नोंदवहीप्रमाणे एकोणीस. काडीकिडा म्हणजे सहा पाय फुटलेली वाळकी काडी. रंग काडीचा, जाडी काडीची, काडीवर असतात तशा गाठीसुद्धा अंगावर. पुढचे दोन पाय डोक्यापुढे सरळ ताणून तो दिवसभर फांदीला धरून असतो. पक्षी येतो, बघतो, ही काडी आहे असं समजून निघून जातो. दिसायचं नाही, एवढी एकच विद्या या किड्याच्या कुळाने लक्षावधी वर्षं घोटलेली. आणि प्राणिसंग्रहालयाच्या नव्या संचालकबाईंनी पत्रक काढलं होतं की प्रत्येक विभागाने दर सोमवारी सकाळी दहाला आपले प्राणी मोजून आकडा कळवावा.

पहिल्या सोमवारी सोळा भरले. दुसऱ्या सोमवारी एकवीस. तिसऱ्या सोमवारी काकांनी चष्मा पुसून, पायाखाली स्टूल घेऊन, फांदी फांदी नजरेने विंचरून पाहिली, तेव्हा तेरा.

छापील तक्त्यात शेवटचा रकाना होता, 'फरकाचे कारण'. काकांनी त्यात तिन्ही वेळा आपल्या वळणदार अक्षरात लिहिलं, 'सर्व दिसले नाहीत.'

"तू कशाला एवढा खरेपणाचा पुतळा होतोस?" शेजारच्या सर्पघराचा राखणदार म्हणाला. दोघं वीस वर्षं एकाच बाकावर डबा खात आले होते. "मी लिहितो सहा. गेल्या सोमवारी सहा, या सोमवारी सहा. पुढच्या महिन्याचेसुद्धा लिहून ठेवलेत."

"तुझा साप मनगटाएवढा जाड असतो. माझा किडा झाडूच्या काडीएवढा."

"म्हणून तर म्हणतो. कोण मोजायला बसलंय?"

काकांनी दीर्घ उसासा टाकला. त्यांचा उसासा हा एक प्रकारच होता. छातीच्या तळातून निघायचा आणि बराच वेळ येतच राहायचा. घरी बायको म्हणायची, "अहो, जरा बेताने. पडदा हलला."

त्याच शनिवारी संचालकबाईंनी बोलावणं धाडलं.

बाई माणूस म्हणून वाईट नव्हत्या. इथे येण्याआधी त्यांनी औषधांचं मोठं गोदाम सांभाळलं होतं, आणि तिथे म्हणे एक बाटली कधी इकडची तिकडे झाली नाही. गोदामाची शिस्त त्यांच्या हाडात मुरलेली. टेबलावर तिन्ही तक्ते एकाखाली एक मांडून त्यांनी विचारलं, "काका, एकवीसचे तेरा झाले. आठ गेले कुठे?"

"कुठे नाही गेले, मॅडम. तिथेच आहेत."

"मग लिहिले का नाहीत?"

"दिसले नाहीत."

"बरं. आणि एकोणीसचे एकवीस कसे झाले?"

"त्या दिवशी दोन काड्या मोजण्यात आल्या असतील. खऱ्या काड्या."

बाईंनी पेन खाली ठेवलं. "म्हणजे जे आहे ते तुम्ही मोजत नाही, आणि जे नाही ते मोजता."

"मॅडम, तो किडा जगतोच मुळी त्यावर. मला सकाळी दहाला सहज दिसला असता, तर त्याच्या खापरपणजोबालाच कुणीतरी खाल्लं असतं. संध्याकाळी मोजू द्या. अंधारू लागलं की ते चालायला लागतात."

"संग्रहालय पाचला बंद होतं. आणि तक्त्यावर सकाळी दहा छापलेलं आहे."

"छापलेलं आहे खरं."

बाईंनी मग खणातून अभिप्रायाची वही काढली आणि दोन-तीन ठिकाणी बोट ठेवलं. 'कीटकघरातल्या पेट्या रिकाम्या आहेत.' 'नुसती झाडं ठेवली आहेत.' 'मुलाने अर्धा तास पाहिलं, शेवटी रडला.' काकांना हे पाठ होतं. पेटीला नाक लावून उभा असलेला माणूस त्यांना हटकून विचारायचा, यात काय आहे हो, आणि त्याच्या नाकापासून चार बोटांवर सालीवरचा पतंग पंख पसरून बसलेला असायचा.

"स्पष्ट सांगते," बाई म्हणाल्या. "विश्वस्तांचं म्हणणं आहे की त्या खोलीत टोप्या-खेळण्यांचं दुकान काढावं. मी अजून हो म्हटलेलं नाही. विश्वस्तांपैकी डॉक्टरसाहेब येत्या गुरुवारी येतील. त्यांच्यासमोर मी स्वतः मोजीन. पेटी भरलेली निघाली तर कीटकघर राहील. नाहीतर किडे दुसऱ्या संग्रहालयाला देऊ, आणि तुमचे निवृत्तीपर्यंतचे चौदा महिने तुम्ही तिकीटखिडकीवर बसाल. तिथे सावली आहे, पंखा आहे."

काका बाहेर आले ते दात-ओठ खात. पंखा आहे म्हणे. या माणसाने वीस वर्षांत गुलाबाची पानं कोवळी कुठली आणि जून कुठली हे बोटांनी ओळखायला शिकून घेतलं होतं. पेटीच्या तळाशी पडलेली काडीकिड्यांची अंडी हुबेहूब बियांसारखी दिसतात. झाडूवाल्याने ती केरात टाकू नयेत म्हणून तळ ते स्वतः चाळत आणि अंडी परत आत पसरत. हे सगळं सोडून आता सुट्टे पैसे मोजायचे.

त्या संध्याकाळी त्यांनी घरी एक चोरी केली. लेकीच्या कपाटातून लाल नेलपॉलिशची बाटली उचलली.

बेत सोपा होता. संग्रहालय बंद झालं की पेटी उघडून बसायचं, किडे हलू लागले की एकेकाला हळूच हातावर घ्यायचं, पाठीवर मोहरीएवढा लाल ठिपका द्यायचा आणि परत सोडायचं. ठिपका असला की दोनदा मोजण्याची भीती नाही. तीन संध्याकाळी काका त्या कामात होते. पहिल्या दिवशी आठ, दुसऱ्या दिवशी सात. तिसऱ्या दिवशी चारांपैकी शेवटचा फळीच्या मागच्या फटीत सापडला. एकूण एकोणीस. काकांना एवढा आनंद झाला की सर्पघरवाल्याला जाळीपाशी ओढत आणून त्यांनी सगळे मोजून दाखवले.

"सुंदर," सर्पघरवाला म्हणाला. "आता पक्ष्यालासुद्धा सापडतील."

"इथे पक्षी नाही. इथे मॅडम आहेत."

घरी मात्र बोभाटा झाला होता. "बाबा, माझी नवी बाटली कुठे आहे?" लेकीने विचारलं. काकांनी अर्धी उरलेली बाटली पुढे केली. तिने ती उजेडात धरून पाहिली. "कुणाला लावलीत?"

"किड्यांना."

"आई, ऐकलंस?"

"ऐकलं," स्वयंपाकघरातून उत्तर आलं. "मला कधी चपला आणताना विचारलं नाही रंग कुठला हवा. किड्यांसाठी लाल."

बुधवारी दुपारी निरोप आला: डॉक्टरसाहेबांना सवड नाही, भेट पुढच्या गुरुवारी. मग दुसरा निरोप: तो गुरुवारही नाही, त्याच्या पुढचा. त्याच सुमारास तिकीटखिडकीवरच्या बाईंचा पाय मुरगळला आणि काकांना बदलीवर तिथे बसवलं. "सरावच होईल," असं संचालकबाई अगदी सरळ मनाने म्हणाल्या, आणि काकांच्या अंगाचा तिळपापड झाला. सकाळी उघडण्याआधी आणि संध्याकाळी बंद झाल्यावर ते धावत कीटकघरात जात, फांद्या बदलत, पाण्याचा फवारा मारत. पेटी बघायला वेळ कुठला? पाहुणे येणार म्हणून त्यांनी खोलीतला हीटर एक घर वाढवून ठेवला. उबेत, ओलाव्यात किडे कसे टवटवीत राहतात.

भेटीच्या दिवशी सकाळी नऊला ते पेटीसमोर उभे राहिले आणि ठिपके मोजू लागले. एक, दोन, तीन. चार. पाच. फळीपाशी सहावा.

सहा.

काकांनी तिन्ही बाजूंनी पाहिलं. पुन्हा सहा. क्षणभर त्यांना वाटलं, कुणी चोरलेच की काय. मग त्यांची नजर डाव्या फांदीवरच्या एका काडीवर पडली. काडीचा रंग जरा ताजा होता, अंग ओलसर, आणि तिच्या तोंडाशी कसलीतरी पांढरी, पातळ चिंधी होती. ती चिंधी काडी मन लावून खात होती. चिंधीच्या टोकाला मोहरीएवढा लाल ठिपका होता. काकांच्या देखत तोही आत गेला.

काकांनी कपाळावर हात मारून घेतला.

वीस वर्षं ते मुलांना हेच सांगत आले होते. काडीकिडा वाढताना कात टाकतो. आणि टाकलेली कात तशीच लोंबकळत ठेवत नाही, खाऊन टाकतो. त्यात ताकदही असते, आणि इथे कुणी राहतं याचा पुरावाही उरत नाही. पूर्ण वाढलेला किडा पुन्हा कात टाकत नाही. पेटीत पूर्ण वाढलेले होते सहा. बाकीचे तेरा वाढीचे. त्या तेरांच्या पाठीवर त्यांनी तीन संध्याकाळी मान मोडून रंग दिला होता, वरून ऊब दिली होती, फवारे दिले होते, कात लवकर सुटावी अशी सगळी सोय करून ठेवली होती. साऱ्या गावाला शिकवायचं आणि स्वतःच्या वेळी विसरायचं. दुसऱ्या कुणी हे केलं असतं, तर काकांनी त्याला पेटीच्या आसपास फिरकू दिलं नसतं.

आता रंगाला वेळ नव्हता. दहाला पाच कमी असताना दारात गलका ऐकू आला. ते डॉक्टरसाहेब नव्हते. तिसरीतली सव्वीस मुलं होती, दोन-दोनच्या रांगेत, आणि पुढे त्यांच्या शिक्षिका.

"आमची आजची वेळ होती दहाची," शिक्षिका म्हणाल्या. "दोन महिन्यांपूर्वीच कार्यालयाला कळवलं होतं."

मागोमाग संचालकबाई आल्या, सोबत डॉक्टरसाहेब. डॉक्टरसाहेब डोळ्यांचे डॉक्टर होते, उंच, हसतमुख, खिशात छोटी टॉर्च. खोलीत मुंगीला शिरायला जागा उरली नाही. बाईंनी कपाळाला आठ्या घातल्या. "आज ही फौज कशाला?"

"कार्यालयाने बोलावली आहे," काका म्हणाले.

बाईंनी ओठ आवळले, पॅड घेतला आणि मोजायला लागल्या. सहा ठिपकेवाले लगेच मिळाले. मग गाडी अडली. त्यांनी वाकून पाहिलं, चवड्यांवर उभं राहून पाहिलं. शेवटी म्हणाल्या, "बारा." डॉक्टरसाहेबांनी टॉर्च काढली. त्यांना सतरा मिळाले, पण त्यातल्या एकावर त्यांनी जाळीतून टाचणी टेकवली तेव्हा ती काडी कट्‌कन मोडली. "हा फांदीचा होता," ते खजील होऊन म्हणाले. "मी चाळीस वर्षं लोकांचे डोळे तपासतोय हो."

"म्हणजे सोळा," बाई म्हणाल्या. "किंवा बारा. एकोणीस तर नाहीतच. काका, मला वाईट वाटतंय."

"मॅडम, आहेत."

"दिसत नाहीत."

"अहो, दिसत नाहीत म्हणूनच तर आहेत!" पाच आठवडे हेच एक वाक्य ते फिरवून फिरवून बोलत होते. ते जाळीला टेकले आणि त्यांनी उसासा सोडला. साधासुधा नव्हे. त्यात सगळे सोमवार होते, तिकीटखिडकी होती, पंखा होता, नेलपॉलिश होती. तो छातीच्या तळातून निघाला आणि जाळीतून आरपार गेला, आणि आतल्या सगळ्या फांद्या हलल्या.

मग फांद्या थांबल्या.

पण काही काड्या थांबल्या नाहीत. त्या डावीकडे-उजवीकडे, डावीकडे-उजवीकडे, अगदी शांतपणे झुलत राहिल्या.

"काका," पुढच्या रांगेतली, समोरचे दोन दात पडलेली एक मुलगी म्हणाली, "वारा गेला तरी ती काडी हलतेय."

काका सरळ झाले. जाळीच्या वरच त्यांनी वीस वर्षांपूर्वी स्वतःच्या हाताने रंगवलेली पाटी होती: 'जाळीवर फुंकू नका. श्वास रोखून पाहा.' किड्यांना त्रास होऊ नये म्हणून. वीस वर्षं ते स्वतःही श्वास रोखून पाहत आले होते, आणि श्वास रोखून पाहिलं तर काडीकिडा मेल्यासारखा पडून राहतो. काकांनी हात वर करून पाटी खिळ्यावरून उतरवली आणि भिंतीकडे तोंड करून ठेवली.

"बाळांनो, खाली बसा," ते म्हणाले. त्यांचा आवाजच बदलला. "पहिली रांग मांडी घालून, दुसरी गुडघ्यांवर, तिसरी उभी. पेटीच्या तिन्ही बाजूंना. जाळीला कुणी हात लावायचा नाही. आता मला सांगा, लपायचं तर काय काय लपवावं लागतं?"

"रंग," तिघं-चौघं एकदम म्हणाले.

"रंग लपवला. आणखी? त्या दुसऱ्या पेटीतली पाल बघा, खोडाला चिकटलेली. तिच्या पोटाच्या कडेला झालर आहे. ती झालर ती खोडावर दाबून धरते. कशासाठी?"

कुणाला येईना. डॉक्टरसाहेबही विचारात पडले.

"सावली पडू नये म्हणून. रंग जुळला तरी सावली चुगली करते. बरं, आता ही काडी. वाऱ्यात सगळं झाड हलतंय आणि आपण एकटेच ताठ उभे, तर पक्षी काय म्हणेल?"

"ही काडी नाही म्हणेल," दात पडलेली म्हणाली.

"म्हणून हा वाऱ्याबरोबर हलतो. काडीचं सोंग घेतलं तर पुरतं घेतो. पण वारा कधी थांबला, हे याला झाडाइतकं नेमकं कळत नाही. हा जरा जास्तच वेळ झुलतो. तेवढीच आपली संधी. सगळ्यांनी मिळून एक फुंकर मारायची, गरम दूध निववतो तशी. मग थांबायचं. झाड थांबू द्यायचं. आणि जी काडी थांबणार नाही, तिच्यासमोर बोट धरून तसंच राहायचं. एका काडीला एकच मूल. भांडण नाही."

"आणि दोघांना एकच दिसली तर?"

"तर ज्याचं नाक जवळ, त्याची."

सव्वीस मुलांनी फुंकर मारली. फांद्या हलल्या, थांबल्या. मग एक बोट पुढे आलं. दुसरं आलं. खाली मांडी घालून बसलेल्यांची चार बोटं एकदम आली. "मॅडम, तुम्हीसुद्धा फुंका ना," एक मुलगा मान न वळवता संचालकबाईंना म्हणाला, "वरपर्यंत आमचा वारा पोचत नाही." बाईंनी इकडेतिकडे पाहिलं. मग पॅड काखेत धरून फुंकर मारली. वरच्या टोकाला, फळीच्या कडेशी, एक काडी झुलली आणि झुलतच राहिली. बाईंचं बोट आपोआप वर गेलं.

"ही माझी," त्या म्हणाल्या, आणि नंतर त्यांचेच कान लाल झाले.

काका एकेका बोटामागून नजर नेत मोजू लागले. मुलांची एकवीस बोटं आणि बाईंचं एक. बावीस. उरलेल्या पाच मुलांपैकी एक रडवेला होऊन सांगत होता की त्याच्या वाट्याला नुसती काडी आली. काकांनी पुन्हा मोजलं. बावीस.

"एकोणीस होते ना?" डॉक्टरसाहेब म्हणाले.

"होते." काका खाली वाकले. तळाशी बसलेल्या तीन मुलांच्या बोटांपुढे बोटाच्या पेराएवढे, दोऱ्यासारखे बारीक तीन जीव झुलत होते. मोठ्या काड्यांसारखेच, त्याच तालात. "अंडी उबली," काका हळू आवाजात म्हणाले. ऊब, फवारे. तरीच. "जन्माला येऊन दोन दिवसही झाले नसतील. आणि झुलणं यांना कुणी शिकवलेलं नाही."

बराच वेळ कुणी बोट खाली घेतलं नाही. शेवटी शिक्षिकांनीच घड्याळ पाहिलं.

मुलं गेल्यावर डॉक्टरसाहेब अजून जाळीपाशीच होते, स्वतःच हलकेच फुंकत. "दुकान तिकीटखिडकीशेजारी काढू या," ते म्हणाले. "तिथे सावलीही आहे."

"आणि पंखा आहे," काका म्हणाले.

संचालकबाई तक्ता भरत होत्या. 'नोंदवहीप्रमाणे' या रकान्यात त्यांनी एकोणीस लिहिलं. 'प्रत्यक्ष' मध्ये बावीस. शेवटच्या रकान्यापाशी पेन थांबलं. "तीन नवे जन्मले, हे एक कारण झालं," त्या स्वतःशीच बोलल्यासारख्या म्हणाल्या. "पण सही माझी आहे. मी स्वतः बारा मोजले. माझ्या बाराचं काय लिहू?"

सर्पघरवाला दारातून डोकावत होता, त्याला काकांनी डोळ्यांनीच दटावलं.

बाईंनी थोडा वेळ पेनाचं टोपण चावलं. मग कुणाकडे न पाहता, टापटीप गोदामी अक्षरात लिहिलं, 'सर्व दिसले नाहीत.' खाली सही केली.

काकांच्या छातीवरचं ओझं उतरू लागलं होतं, तेवढ्यात बाई दारात वळल्या. "काका, एक सुचलंय. आता नवा तक्ता छापून घेते. 'असलेले' वेगळे, 'दिसलेले' वेगळे, 'कात टाकलेले' वेगळे आणि 'नुकते जन्मलेले' वेगळे. दर सोमवारी. आणि गुरुवारीही, म्हणजे पडताळता येईल."

काकांनी मान डोलावली. बाईंच्या पावलांचा आवाज जिन्यावरून खाली गेला. मग ते जाळीकडे वळले आणि त्यांनी उसासा टाकला.

आत बावीस काड्या झुलू लागल्या.